अनुमोदकाची रिकामी ओळ

किलफार्दी,
सोमवार, ७ एप्रिल १९९७

चि. मार्साली हिस,
अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र आणि सोबतचा उमेदवारी अर्ज शनिवारी मिळाला. माझी प्रकृती ठीक आहे. खुब्याचे हाड डॉक्टरांच्या अपेक्षेपेक्षा लवकर आणि माझ्या अपेक्षेपेक्षा उशिरा जुळले. हवा ओली आहे. मांजर लठ्ठ आहे. क्षेमकुशल येथे संपले.

हे पत्र मी एकच गोष्ट सिद्ध करण्यासाठी लिहीत आहे: वकिलाने राजकारणात जाऊ नये. पुरावा म्हणून एकाच माणसाचे आयुष्य सादर करणार आहे, तुझ्या वडिलांचे. तू स्वतः सहा वर्षे वकिली केली आहेस, तेव्हा मुद्द्याला धरून वाचशील अशी अपेक्षा आहे. अर्ज या पत्रासोबतच परत येत आहे. त्यावर माझी सही आहे की नाही हे आधी उलटून पाहू नकोस. निकालपत्र शेवटच्या पानापासून वाचणाऱ्या पक्षकारांचा मला नेहमीच तिटकारा होता.

वस्तुस्थिती अशी. अर्जावर दहा मतदारांच्या सह्या लागतात. तू नऊ मिळवल्या आहेस. पहिल्या ओळीत, सूचक म्हणून, निनियनची सही आहे. त्याचे अक्षर अजूनही बर्फावरून घसरल्यासारखे आहे. तिसऱ्या ओळीपासून दहावीपर्यंत गावातली माणसे आहेत. दुसरी ओळ, अनुमोदकाची, कोरी आहे. गुरुवारी दुपारी चारच्या आत अर्ज दाखल झाला नाही तर तू निवडणुकीत नाहीस, आणि आपले बारा खाटांचे रुग्णालय बंद होऊ नये म्हणून तू गेले वर्षभर जी पायपीट केलीस ती तेथेच थांबली.

त्या ओळीवर सही करायला उत्सुक असलेली चारशे माणसे तुला एका सकाळी मिळाली असती. तू मात्र लिहितेस, 'बाबा म्हणतात, ती ओळ आत्याची. आत्या सही करणार नसेल तर तू उभीच राहू नकोस.' आपल्या व्यवसायात याला धाकदपटशा म्हणतात. राजकारणात बहुधा डावपेच म्हणत असतील. माझ्या प्रतिपादनाला येथूनच बळकटी मिळते.

आता पुरावा.

तुझे आजोबा किलफार्दीचे एकमेव वकील होते आणि घरातही ते वकीलच असत. आपल्या कायद्याचा पाया तू जाणतेस: एका साक्षीदाराच्या शब्दावर कोणताही गुन्हा शाबीत होत नाही, दुसरा साक्षीदार हवा, आणि तो स्वतंत्र हवा. इतर घरांतली मुले देवाला भीत. आम्ही दुसऱ्या साक्षीदाराला भीत असू. डब्यातली लोण्याची बिस्किटे नाहीशी झाली की वडील जेवणाच्या टेबलावर खटला चालवत. आमची स्वयंपाकीण बेथिया पेडी साक्ष देई, "मी पाहिलं साहेब, निनियनच होता. तोंडाला साखर होती मेल्याच्या." वडील विचारत, "आणखी कोणी पाहिलं?" मग सगळे माझ्याकडे पाहत. मी निनियनपेक्षा चार वर्षांनी मोठी आणि सत्यवचनी म्हणून प्रसिद्ध. टेबलाखाली माझ्या मुठीत दोन बिस्किटे असत.

"मी काही पाहिलं नाही," मी म्हणे.

निकाल लागे: शाबीत नाही. आपल्या न्यायालयांतला हा तिसरा निकाल बाहेरच्यांना कळत नाही. आम्हांला तो पाचव्या वर्षी कळला होता. त्याचा अर्थ, तूच केलेस हे सर्वांना ठाऊक आहे, आता जा आणि हात धू.

हे मी केवळ पार्श्वभूमी म्हणून लिहिले. पुढे त्याचा काही उपयोग होईल असे समजू नकोस.

निनियन वकील झाला कारण कार्यालयात दोन मेजे होती. वडिलांच्या पश्चात दारावर 'अबरनेथी आणि अबरनेथी' अशी पाटी लागली. मी कागद तयार करीत असे, तो न्यायालयात उभा राहत असे. वकील म्हणून त्याच्यात एकच दोष होता: समोरच्याचे म्हणणे त्याला ऐकू येई. एका मेंढ्याने शेजारणीच्या परसातली कोबी खाल्ली, त्या दाव्यात निनियन मेंढ्याच्या मालकातर्फे होता. उलटतपासणी कशी घेऊ नये हे शिकवायला ती अजूनही उपयोगी पडेल.

"अठरा गड्डे होते हो," शेजारीण म्हणाली. "आमच्या ह्यांनी जायच्या आधी स्वतःच्या हातानं लावलेले."

"अरेरे. अठराच्या अठरा गेले?"

"एक उरला. तोही कुरतडलेला."

"फार वाईट झालं, बाई."

न्यायाधीशांनी चष्मा नाकावर खाली घेतला. "मिस्टर अबरनेथी, आपण नक्की कोणाच्या बाजूनं आहात?"

"मेंढ्याच्या, माय लॉर्ड. पण बाई म्हणतात ते खरं आहे."

मेंढ्याचा मालक उठून बाहेर गेला. संध्याकाळी तो आणि ती शेजारीण आमच्याच कार्यालयात बसून चहा पीत होते. पुढच्या वसंतात त्यांनी लग्न केले. माझ्या हिशेबी तो खटला आपण हरलो.

असा माणूस संसदेत जावा असे किलफार्दीला वाटू लागले यात नवल नाही. १९६४ च्या ऑक्टोबरात निवडणूक होती. समोर मेजरसाहेब होते, ज्यांच्या घराण्याने ती जागा इतकी वर्षे सांभाळली होती की तिच्यावर त्यांच्या कुत्र्यांचेही केस असावेत. निनियन घरोघर जाऊ लागला. एका संध्याकाळी सात घरांत तो सात वेळा सूप प्याला आणि हिरव्या चेहऱ्याने परत आला.

"नाही म्हणवत नाही गं, ताई."

"मग संसदेत जाऊन करणार काय?"

"तिथं सूप नसेल."

आता मुख्य प्रसंगाकडे येते. तो त्याच वर्षी जानेवारीत घडला, आणि व्याख्येपासून सुरुवात केलेली बरी. गोठलेल्या तळ्यावर प्रौढ पुरुष ग्रॅनाइटचे दगड सरकवतात आणि त्या दगडांपुढे झाडू मारत धावतात, या प्रकाराला कर्लिंग म्हणतात. बर्फ नसेल तेव्हा ते त्याविषयी बोलतात. वर्षातून एकदा ते बंद दारामागे जेवतात, गोमांस आणि कोबी, आणि मग तेथे थट्टेचे न्यायालय भरते. नव्या सभासदावर आरोप ठेवतात, शिक्षा फर्मावतात. एक हात दगडावर आणि एक हात झाडूवर ठेवून प्रत्येकाने शपथ घेतलेली असते की त्या खोलीत ऐकलेले बाहेर बोलणार नाही. स्त्रियांना आत प्रवेश नाही. स्त्रिया वाढपाच्या खिडकीपलीकडे कोबी शिजवतात.

त्या वर्षी न्यायाधीशाच्या जागी निनियन होता असे म्हणतात. आरोपी होते रुग्णालयाचे नवे डॉक्टर. आरोप, बर्फ झाडताना शिंकल्याचा. निनियनने चहाच्या किटलीची हिरवी लोकरी टोपी डोक्यावर चढवली होती. तोटीसाठीच्या भोकातून त्याचा डावा कान बाहेर आला होता. त्याने घसा साफ केला आणि निकाल दिला, "आरोपीचं रुग्णालय तात्काळ बंद करावं. बाराही खाटा आमच्या दगडांसाठी जप्त करण्यात येत आहेत. बिचारे दगड वर्षभर थंडीत झोपतात. प्रत्येकाला एक खाट, एक उशी आणि रात्री ओटची लापशी द्यावी." बावीस माणसे हसली. डॉक्टर सर्वांत जास्त हसले. एकजण खुर्चीवरून पडला.

बायकोला सांगणे म्हणजे शपथ मोडणे नव्हे, असा कर्लिंगवाल्यांत संकेत आहे. बायकोने ते खाटकाच्या दुकानात सांगणे हे त्या संकेताच्या कक्षेबाहेर येते. आमचा खाटीक वॉटी स्मेल हा मेजरसाहेबांचा प्रचारप्रमुख होता. त्याच्या गिऱ्हाइकांकडून जे बाहेर पडले त्यातून टोपी गळली, दगड गळले, लापशी गळली. उरले ते इतकेच: अबरनेथी म्हणाला, रुग्णालय बंद करा.

मतदानाच्या आठ दिवस आधी नगरभवनात निनियनची सभा होती. आपल्याकडे उमेदवाराला सभेत छळणे ही कला मानली जाते आणि वॉटी तिच्यात निष्णात होता.

"एकच सवाल, वकीलसाहेब. जानेवारीत, जेवणाच्या वेळी, रुग्णालय बंद करा असं तुम्ही म्हणालात का? हो की नाही?"

साधे 'नाही' म्हटले असते तर वॉटी खाली बसला असता. पण शब्द तर त्याने उच्चारले होते. आणि ते कोणत्या प्रसंगी उच्चारले हे सांगायचे तर शपथ आड येत होती.

"त्या खोलीत काय बोललं गेलं ते मी सांगू शकत नाही," निनियन म्हणाला. "मी शपथ घेतली आहे."

"म्हणजे बोललात!"

"बोललो की नाही तेही सांगता येत नाही."

"अहो, माझं गिऱ्हाईक यापेक्षा लवकर ठरवतं, मान हवी की मांडी!"

सभागृह हसण्याने कोसळले. त्या बावीस कर्लिंगवाल्यांपैकी एकोणीस जण तेथेच बसले होते. त्या सर्वांना अचानक आपापल्या बुटांत रस निर्माण झाला. झाडूवर हात ठेवून घेतलेल्या शपथेसाठी निवडणूक हरणारा माणूस आणि ती शपथ पाळून त्याला हरू देणारी माणसे, ही जोडी आपल्याच देशात निपजू शकते.

तेवढ्यात मागून बेथिया पेडी उठली. ती तेव्हा सत्तरीची होती आणि तिने हॅटही घातली नव्हती.

"अरे वॉट्या, मेल्या, ती थट्टा होती रे! डोक्यावर किटलीची टोपी घालून कोणी रुग्णालयं बंद करतं का? मी तिथंच होते, खिडकीच्या मागं. कोबी ढवळत होते. मला कोणी शपथ दिली नाही!"

वॉटी वळला. तो माझ्या वडिलांच्या गावात वाढलेला होता. "पेडीबाई, एकीचं बोलणं म्हणजे पुरावा नव्हे. हे आम्हाला अबरनेथींनीच शिकवलंय. दुसरं कोण होतं खिडकीमागं?"

बेथियाने सभागृहभर नजर फिरवली. कोणी उठले नाही. लोक हसले. ती बसली.

निनियन एकेचाळीस मतांनी हरला.

येथे माझे प्रतिपादन खरे म्हणजे पूर्ण होते. प्रामाणिक माणूस, खोटे बोलता येत नाही, शपथ मोडता येत नाही: वकील म्हणून सुमार, उमेदवार म्हणून आपत्ती. त्याने मुकाट कार्यालयात परतायला हवे होते. त्याचे मेज मी पुसून ठेवले होते, शाईही भरून ठेवली होती. तो परतला नाही. पुढची दीड वर्षे तो त्याच घरांतून पुन्हा फिरला, आणि या खेपेला मते न मागता नुसता बसून ऐकत राहिला. सूप सगळीकडे प्याला. १९६६ च्या मार्चमध्ये तो दोन हजारांवर मतांनी निवडून आला.

मंत्री म्हणून त्याची कारकीर्द अकरा महिन्यांची, तीही मासेमारी खात्यात, उपमंत्री म्हणून. ज्याला धक्क्यावर उभे राहूनसुद्धा बोट लागते त्याला मासेमारी देणारे सरकार किती काळ टिकते हे मी तुला सांगायला नको. एका होडीवाल्याने त्याला पाहणीसाठी बोलावले. निनियनने ती पाहणी धक्क्यावरून केली, बादली हातात धरून. मग संसदेत एका सभासदाने विचारले, "या आकड्यांचा अर्थ मंत्रिमहोदयांना समजला आहे काय?" निनियन उठून म्हणाला, "नाही." आणि खाली बसला. दोन्ही बाजूंनी बाके वाजवली. तीन दिवसांनी त्याचे मंत्रिपद गेले. किलफार्दीत त्याच्या स्वागताला वाद्यवृंद होता. हरलेल्याचे असे स्वागत का, असे मी बँडमास्तरांना विचारले. ते म्हणाले, "बाई, पहिल्यांदाच आमच्यातला कोणी तिथं जाऊन खरं बोलला."

ही साक्ष माझ्या विरोधात जाते हे मला दिसते. तरी नोंदवते.

रुग्णालयाचेही नोंदवायला हवे. पहिल्याच वर्षी ते खरोखरच बंद करायचा हुकूम निघाला. निनियनने काय केले? भाषण केले नाही. तो संबंधित मंत्र्याच्या कचेरीबाहेरच्या बाकावर दररोज जाऊन बसे आणि येणाऱ्याजाणाऱ्याला किलफार्दीतल्या एकेका बाळंतपणाची हकिगत सांगे. सतराव्या दिवशी मंत्र्याने हुकूम मागे घेतला. त्याला म्हणे चौथ्या खाटेवरच्या जुळ्यांचे पुढे काय झाले ते ऐकल्यावाचून राहवत नव्हते. पुढच्याच वर्षी तू तेथे जन्मलीस, सातव्या खाटेवर. आणि गेल्या नोव्हेंबरात मी चर्चच्या पायरीवरून घसरले तेव्हा मला चौथ्या खाटेवर ठेवले होते. पाच आठवडे. गादी चांगली आहे, हे मला मान्य करावे लागते. निनियन रोज तीन वाजता येई, पायथ्याशी बसे, वर्तमानपत्र वाचे, चार वाजता जाई. आम्ही हवामानाविषयी बोललो.

तेहतीस वर्षे आम्ही हवामानाविषयीच बोलत आहोत. तीन गल्ल्या पलीकडे राहतो तो. नववर्षाच्या सकाळी रिवाजाप्रमाणे माझ्या उंबऱ्यावर पहिले पाऊल त्याचेच असते, हातात कोळशाचा खडा. मी खडा घेते, "आभारी आहे" म्हणते, आणि दार लावते. तू लहानपणी विचारायचीस, "आत्या, तू बाबांवर रागावलीयस का?" मी म्हणत असे, नाही. ते उत्तर खरे होते.

येथवर वाचताना तुझ्यातल्या वकिलाने एक गोष्ट टिपली असेल. नसेल तर तू सहा वर्षे फुकट घालवलीस. मी लिहिले, 'असे म्हणतात'. आणि लगेच पुढे टोपीचा रंग लिहिला. कोणता कान बाहेर होता तेही लिहिले. ऐकीव पुराव्याला डावा-उजवा कान नसतो.

दुसऱ्या साक्षीदाराचा प्रश्न नगरभवनात सुटला नव्हता. तो आता सोडवू.

त्या संध्याकाळी सभागृहाचे मोठे पातेले गळू लागले म्हणून बेथियाने निरोप पाठवला. मी घरचे पातेले आणि वडिलांची लांब दांड्याची पळी घेऊन गेले. पोहोचवून परतायचे होते. पण स्वयंपाकघर उबदार होते, खिडकीचे झाकण अर्धे उघडे होते आणि त्यांच्या गुप्त शपथेत एवढे काय असते हे मला जन्मभर ऐकायचे होते. ऐकले. विशेष काही नसते. बेथिया वाढत होती, मी पळी धरून उभी होते. मी सगळे ऐकले, आणि लापशीच्या वाक्याला मला हसू आवरेना म्हणून पदरासारखा तिचा एप्रन तोंडात कोंबला. माझा भाऊ किती गमतीदार आहे हे मला त्या रात्रीपर्यंत ठाऊक नव्हते. घरी मी त्याला कधी पुरे बोलू दिले नव्हते.

आणि नगरभवनात बेथियाची नजर फिरली नव्हती. ती सरळ तिसऱ्या रांगेत आली, माझ्यावर, आणि थांबली. तिने माझे नाव घेतले नाही. पंचवीस वर्षे ती आमच्या घरात होती. मालकिणीला साक्षीला ओढायचे नसते, मालकिणीने आपणहून उठायचे असते, असे तिचे मत असावे. मी हातमोज्याचे बटण लावले. ते आधीच लावलेले होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिने चाव्या टेबलावर ठेवल्या.

"जाते मी, बाई."

"काही चुकलं का, बेथिया?"

"नाही. तुमच्या घरात मला कमी ऐकू यायला लागलंय. पसरणारं दुखणं दिसतंय."

१९८१ साली ती त्याच रुग्णालयात वारली. मी फुले पाठवली. ती परत आली नाहीत. ही क्षमेची साक्ष होत नाही, हे मी जाणते.

का गप्प राहिले, हा पुढचा प्रश्न. माझ्याकडे अनेक वर्षे एक सुबक उत्तर होते: मी त्याची बहीण, माझी साक्ष पक्षपाती ठरली असती. ते उत्तर टिकत नाही. किलफार्दीत मी पक्षपाती आहे असे म्हणायची छाती वॉटी स्मेलचीही नव्हती. मी उठून "खरे आहे" एवढे दोन शब्द बोलले असते तर गोष्ट शाबीत झाली असती. एकेचाळीस मते म्हणजे सभागृहाच्या दोन रांगा.

मला तो हरायला हवा होता. कार्यालयात दोन मेजे होती. तो गेला तर समोरच्या मेजावर कोण बसणार, उलटतपासणीत रडून आल्यावर कोण मला सगळे सांगणार, आणि मी कोणावर ओरडणार? एका अबरनेथीची पाटी मला नको होती. भावाला ठेवून घ्यावे म्हणून मी गप्प बसले. आणि त्याच दिवसापासून भाऊ उंबऱ्याबाहेर राहिला. त्याला मी बाहेर ठेवले, कारण आत आला तर तो विचारील असे वाटे. त्याने कधीच विचारले नाही.

त्याला ठाऊक नाही असे मी समजत होते. बेथियाने सांगितले नसेल असे समजत होते. पण तेथेही एक पुरावा आहे, तो मी एकतीस वर्षे वाचायचे टाळले. १९६६ साली निकाल लागल्यावर नगरभवनाच्या पायरीवरून त्याने आभार मानले. मतदारांचे, मेजरसाहेबांचे, सूप देणाऱ्या सर्वांचे. आणि शेवटी म्हणाला, "कर्लिंगच्या जेवणाला कोबी वाढणाऱ्या दोघींचे." लोक हसले, टाळ्या वाजल्या. मी गर्दीत मागे उभी होते.

दोघींचे. एकीचे नव्हे.

म्हणजे तो तेव्हाच जाणत होता. आणि दर नववर्षाला कोळसा घेऊन येत होता. पाच आठवडे माझ्या पायथ्याशी वर्तमानपत्र धरून बसला, ते अनेकदा उलटे असे. आणि आता त्याने माझ्याकडे एक कागद पाठवला आहे, ज्याच्या पहिल्या ओळीवर एक सही आहे आणि दुसरी ओळ कोरी. ती ओळ तुला कोणाच्याही सहीने भरता आली असती. त्याला मात्र नाही. असला नाजूक डावपेच त्याला सुचला असेल, तर तो संसदेत एकवीस वर्षे फुकट बसला नव्हता.

माझे प्रतिपादन पुन्हा तपासून पाहिले. मला सिद्ध करायचे होते की वकिलाने राजकारणात जाऊ नये. सिद्ध झाले ते एवढेच की समोरच्याचे ऐकू येणारा माणूस न्यायालयात निरुपयोगी असला तरी दुसरीकडे उपयोगी पडतो. आणि ज्या अबरनेथीला ऐकू येऊनही बोलता आले नाही, ती कायद्यात उत्तम चालली. तुझ्या उमेदवारीविरुद्धचा आक्षेप मी मागे घेत आहे. तुझ्यात तुझ्या बापाचे कान आहेत. जीभ माझी आहे, ती मात्र वेळेवर वापरत जा.

आता कागद उलटून पाहायला हरकत नाही.

निनियनला निरोप दे. रविवारी एक वाजता जेवायला ये म्हणावे, आत. गोमांस आणि कोबी आहे. पातेले तेच आहे, पळीही तीच. टोपी घालून आला तरी चालेल. कोळसा आणू नकोस म्हणावे. त्याचे तेहतीस खडे माझ्याजवळ जसेच्या तसे आहेत, त्यावरच रांधीन.

खालील मजकूर पत्राचा भाग नाही. तो स्वतंत्र कागद समजावा. हवे तर नगरभवनात मोठ्याने वाचावा, वॉटी स्मेल अजून पुढच्याच रांगेत बसतो.

*कबुली*

*मी, ग्रिझेल अबरनेथी, निवृत्त वकील, राहणार किलफार्दी, लिहून देते की जानेवारी १९६४ मधील कर्लिंगच्या जेवणावेळी मी वाढपाच्या खिडकीमागे बेथिया पेडी हिच्या शेजारी उभी होते. रुग्णालयाविषयी माझा भाऊ जे बोलला ते थट्टेत बोलला, आणि ती थट्टा चांगली होती. बेथिया पेडी नगरभवनात खरे बोलली. आणि ती उभी असताना मी बसून राहिले. ही माझी चूक आहे. माझ्या नावावर ही एकच नोंदवावी. बिस्किटांचा प्रश्न अजून शाबीत झालेला नाही.*

तुझी आत्या,
ग्रिझेल अबरनेथी
दुसरी साक्षीदार